टीएमसी, दलघमी, क्युसेक: धरणाच्या पाण्याचा हिशोब स्वतः कसा मांडायचा

पावसाळा लागला की महाराष्ट्रात रोज सकाळी धरणांचे आकडे वाचले जातात. कोयनेचा आकडा टीएमसीत येतो, जायकवाडीचा दलघमीत, भंडारदऱ्याचा दलघफूत, मुंबईच्या तलावांचा दशलक्ष लिटरमध्ये, आणि उजनी तर उन्हाळ्यात उणे टक्क्यांत जाते. धरणातून सुटणारं पाणी पुन्हा वेगळंच, क्युसेकमध्ये. सगळं पाणीच, पण एकाचा आकडा दुसऱ्याशेजारी ठेवता येत नाही.

याचा तोटा कोणाला होतो? पाटबंधारे खात्यातल्या माणसाला होत नाही, त्याच्या टेबलावर तक्ता असतो. तोटा होतो तो टेलच्या, म्हणजे कालव्याच्या शेवटाकडच्या शेतकऱ्याला, पाणीपुरवठा समितीवरच्या सदस्याला आणि पूररेषेलगत राहणाऱ्याला. आकडा समोर असूनही तो आपल्यासाठी किती मोठा आहे हे त्यांना कळत नाही, आणि बैठकीत जो ठासून बोलेल त्याचं खरं मानलं जातं. हे गणित सातवी-आठवीच्या पुढचं नाही. एकदा नीट बसलं की मोबाईलच्या कॅल्क्युलेटरवर मिनिटभरात होतं. म्हणून ते इथे क्रमाने मांडतो, आणि शक्यतो आपल्याच धरणांचे आकडे घेऊन.

पहिली पायरी: साठा आहे की प्रवाह, हे आधी ठरवा

कुठलाही आकडा दिसला की रूपांतराच्या आधी एकच प्रश्न विचारा. हे साचलेलं पाणी आहे, की वाहतं?

टीएमसी, दलघमी, दलघफू (दशलक्ष घनफूट), सघमी (सहस्र घनमीटर), लिटर, एकर-फूट, हेक्टर-मीटर ही साठ्याची मापं. क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट आणि क्युमेक म्हणजे सेकंदाला एक घनमीटर, ही प्रवाहाची मापं. महापालिकांचं एमएलडी, म्हणजे दिवसाला दशलक्ष लिटर, हेही प्रवाहाचंच. त्यात दिवस आधीच धरलेला असतो, इतकाच फरक.

'धरणात पंधरा हजार क्युसेक पाणी शिल्लक' किंवा 'पाच टीएमसी वेगाने विसर्ग' अशी वाक्यं अधूनमधून वाचायला मिळतात. दोन्हींना अर्थ नाही. क्युसेकच्या आकड्याला 'किती वेळ' हे जोडल्याशिवाय त्यातून पाणी किती, हे निघतच नाही. दहा हजार क्युसेक दोन तास सोडलं की आठ दिवस, यात जमीन-अस्मानाचा फरक आहे.

दुसरी पायरी: तीन आकडे पाठ करा

२८.३१७, ३५.३१५ आणि ८६,४००. बाकी सगळं यातून निघतं.

एक फूट म्हणजे ०.३०४८ मीटर. त्याचा घन केला की ०.०२८३१७ घनमीटर, म्हणजेच २८.३१७ लिटर. हे झालं एक घनफूट. आता टीएमसी म्हणजे हजार दशलक्ष घनफूट, आपल्या मोजणीत शंभर कोटी घनफूट. आणि दलघमी म्हणजे दशलक्ष घनमीटर, दहा लाख घनमीटर. दोन्हीकडची शून्यं काटली की तोच आकडा पुन्हा समोर येतो:

१ टीएमसी = २८.३१७ दलघमी

उलट बाजूने, एका घनमीटरमध्ये ३५.३१५ घनफूट असतात. म्हणून १ क्युमेक = ३५.३१५ क्युसेक आणि १ दलघमी = ३५.३१५ दलघफू. तिसरा आकडा, ८६,४००, हे दिवसाचे सेकंद. प्रवाहातून साठ्याकडे जायचं तर वाट यातूनच जाते.

लिटरमध्ये सांगायचं तर १ दलघमी म्हणजे १०० कोटी लिटर आणि १ टीएमसी म्हणजे सुमारे २,८३२ कोटी लिटर. इथे शून्यांत चूक फार सहज होते, कारण आपण लाख-कोटीत मोजतो आणि मापं दशलक्ष-अब्जात असतात. लिटरचा आकडा काढताना मी नेहमी आधी दलघमीवर येतो आणि मग शंभर कोटींनी गुणतो. हा मधला टप्पा घेतला की शून्य चुकत नाही.

तोंडी हिशोबासाठी दोन सोप्या वाटा आहेत. टीएमसीचे दलघमी करायचे तर २८ ने गुणा आणि वर एक टक्का घाला. दलघमीचे टीएमसी करायचे तर साडेतीन टक्के काढा आणि त्यात त्याचाच एक टक्का मिळवा. जायकवाडीचा उपयुक्त साठा २,१७१ दलघमी आहे. त्याचे साडेतीन टक्के ७६, वर थोडं, म्हणजे ७६.७ टीएमसी. कॅल्क्युलेटरवर ७६.६७ येतं.

तिसरी पायरी: दलघमी आणि दलघफू यांची गल्लत टाळा

ही चूक सर्वात घातक, कारण दोन्ही शब्द दिसायला जुळे आहेत आणि फरक पस्तीस पटीचा आहे.

नाशिक आणि अहिल्यानगर जिल्ह्यांतल्या धरणांचे आकडे अजूनही दलघफूत बोलले जातात. भंडारदरा ११,०३९, निळवंडे ८,३२०, मुळा २६,०००, गंगापूर ५,६३०. हजाराने भागलं की सरळ टीएमसी मिळतात: ११.०४, ८.३२, २६ आणि ५.६३. तीच गोदावरी खाली पैठणला पोचली की आकडे दलघमीत येतात. मुळा धरणाचे २६,००० आणि जायकवाडीचे एकूण २,९०९ हे शेजारी-शेजारी छापले, तर माहीत नसलेल्याला मुळा जायकवाडीच्या नऊपट वाटेल. प्रत्यक्षात २६,००० दलघफू म्हणजे ७३६ दलघमी, जायकवाडीच्या पाव हिश्श्याएवढं.

खात्री करायची एक पद्धत लक्षात ठेवा. राज्यातल्या कुठल्याही धरणाचा साठा दलघमीत लिहिला तर तो चार अंकांच्या पुढे जात नाही. पाच अंकी आकडा दिसला तर तो दलघफूत तरी आहे किंवा मुंबईच्या तलावांसारखा दशलक्ष लिटरमध्ये तरी.

चौथी पायरी: टक्के कशाचे, हे विचारा

इथे थोडं थांबायला हवं, कारण सर्वाधिक गैरसमज मापांत नसून टक्क्यांत आहेत.

धरणातल्या पाण्याचे दोन भाग असतात. खालचा मृतसाठा, म्हणजे कालव्याच्या किंवा विमोचकाच्या (धरणातून पाणी सोडायच्या वाटेच्या) तळाच्याही खाली राहणारं पाणी. त्याच्या वरचा उपयुक्त साठा, याला जिवंत साठाही म्हणतात. दोन्ही मिळून एकूण साठा. टक्केवारी बहुतेक धरणांची उपयुक्त साठ्यावर काढतात, पण सगळीकडे आणि सगळ्या बातम्यांत नाही.

उजनीचं उदाहरण यासाठी सर्वात चांगलं. एकूण क्षमता ३,३२० दलघमी, म्हणजे ११७.२४ टीएमसी. त्यातला मृतसाठा १,८०३ दलघमी, सुमारे ६३.७ टीएमसी. उपयुक्त साठा फक्त १,५१७ दलघमी, म्हणजे ५३.५७ टीएमसी. म्हणजे या धरणात अर्ध्याहून जास्त पाणी 'मृत' गणलं जातं, आणि टक्के मात्र ५३.५७ टीएमसीवर निघतात.

आता 'उजनी उणे ३० टक्के' ही बातमी उलगडू. ५३.५७ चे तीस टक्के १६.०७. एवढं पाणी मृतसाठ्यातून वापरलं गेलं. ६३.६७ वजा १६.०७ म्हणजे धरणात अजून ४७.६ टीएमसी पाणी आहे, एकूण क्षमतेच्या चाळीस टक्के. ज्याने फक्त 'उणे' वाचलं त्याला धरण कोरडं पडल्यासारखं वाटतं. उलट, जे ४७ टीएमसी दिसतंय ते कालव्याने मिळणारं पाणी नाही, ते नदीत सोडून किंवा उपसूनच वापरावं लागतं, हेही तितकंच खरं. दोन्ही गोष्टी एकत्र सांगितल्याशिवाय उजनीची परिस्थिती सांगितली असं होत नाही. तसंच 'उजनी ११० टक्के' म्हणजे ६३.६७ अधिक ५८.९३, साधारण १२२.६ टीएमसी. भरलेल्या उजनीचा १२३ टीएमसी हा आकडा ऐकून आला कुठून असं वाटत असेल, तर तो असा येतो.

राज्यातलं सर्वात मोठं धरण कोणतं, हा वादही इथेच मिटतो. एकूण साठ्यात उजनी ११७.२४, कोयना १०५.२५ आणि जायकवाडी १०२.७३ टीएमसी. उपयुक्त साठा बघितला की क्रम बदलतो. कोयना शंभराच्या आसपास, जायकवाडी ७६.६७, उजनी ५३.५७. कोयनेचा मृतसाठा पाच टीएमसीच्या आसपासच असल्याने तिथे एकूण आणि उपयुक्त यातला फरक जाणवत नाही. तुलना करायची तर दोन्हीकडे एकच प्रकारचा साठा घ्या, नाहीतर करू नका.

पाचवी पायरी: विसर्गाचे टीएमसी करा

सूत्र एवढंच: क्युसेक × ८६,४०० ÷ १०० कोटी = दिवसाचे टीएमसी. किंवा उलट, दिवसाला १ टीएमसी जायला सतत ११,५७४ क्युसेक लागतात. हा आकडा लिहून ठेवा. पुराच्या दिवसांत याहून कामाचा आकडा नाही.

लाख क्युसेकचा विसर्ग दिवसभर चालला तर ८.६४ टीएमसी पाणी जातं. दहा हजारांचा चालला तर ०.८६४. कोयनेच्या पायथा वीजगृहातून २,१०० क्युसेक सोडतात तेव्हा दिवसाला ०.१८ टीएमसी, म्हणजे एक टीएमसी कमी व्हायला साडेपाच दिवस लागतात. कराड-सांगलीकडच्या लोकांनी 'पायथा वीजगृह सुरू' आणि 'वक्र दरवाजे उघडले' या दोन बातम्यांत फरक का करायचा, ते या आकड्यात आहे.

आता एक मोठं उदाहरण. ३० ऑक्टोबर २०२३ च्या आदेशाने नाशिक-अहिल्यानगरच्या धरणांतून जायकवाडीसाठी ८.६०३ टीएमसी पाणी सोडायचं ठरलं. मुळातून २.१०, प्रवरा समूहातून ३.३६, गंगापूर समूहातून ०.५० आणि दारणा समूहातून २.६४३. वरच्या भागात याच्या विरोधात आंदोलनं झाली, खालच्या भागात हे अपुरं म्हणून नाराजी होती. दोन्ही बाजूंनी एकच आकडा, पण आपापल्या मापात तो वेगळा दिसतो. जायकवाडीच्या मापात हे २४३.६ दलघमी होतात, उपयुक्त साठ्याच्या सव्वाअकरा टक्के. मुळेच्या मापात २,१०० दलघफू, त्या धरणाच्या आठ टक्के. सगळं मिळून सरासरी दहा हजार क्युसेकने सोडलं तर पुरे दहा दिवस लागले असते. आणि सोडलेलं सगळं पैठणला पोचत नाही. कोरड्या नदीपात्रात मुरतं, वाटेतले बंधारे अडवतात, वर मोटारीही चालू असतात. म्हणून 'सोडलं किती' आणि 'पोचलं किती' हे दोन आकडे नेहमी वेगळे मागा.

आवक काढायची असेल तर हेच गणित उलटं चालवायचं. समजा एका धरणात काल सकाळी ६०.०० टीएमसी होते, आज ६२.५० आहेत आणि दिवसभर २,१०० क्युसेक विसर्ग चालू होता. साठा २.५० ने वाढला, ०.१८ खाली गेलं, म्हणजे २.६८ टीएमसी आत आलं. ११,५७४ ने गुणलं की दिवसाची सरासरी आवक सुमारे ३१,००० क्युसेक निघते. पूरनियंत्रण कक्षाचा आकडा याच्या जवळपास असायला हवा. बराच वेगळा असेल तर तो बहुधा एखाद्या तासाचा कमाल आकडा असतो, दिवसाची सरासरी नसते.

सहावी पायरी: शहराचं पाणी

मुंबईला पाणी देणाऱ्या सात तलावांची क्षमता १४,४७,३६३ दशलक्ष लिटर. हजाराने भागा, १,४४७ दलघमी. २८.३१७ ने भागा, ५१.१ टीएमसी. म्हणजे मुंबईचे सातही तलाव मिळून उजनीच्या उपयुक्त साठ्याएवढेही नाहीत. त्यातलं एकटं भातसा ७,१७,०३७ दशलक्ष लिटरचं, जवळजवळ निम्मं. शहराचा पुरवठा दिवसाला ३,९०० दशलक्ष लिटर धरला तर काठोकाठ भरलेले तलाव ३७१ दिवस पुरतात, तेही बाष्पीभवन न धरता. 'तुळशी तलाव भरून वाहू लागला' ही बातमी आनंदाची खरी, पण तुळशीची क्षमता ८,०४६ दशलक्ष लिटर, म्हणजे शहराला दोन दिवसांची.

एमएलडी आणि वर्षाचे टीएमसी यांची सांगड घालायला आणखी एक आकडा उपयोगी पडतो. वर्षभर रोज ७७.६ एमएलडी घेतलं की १ टीएमसी होतो. पुण्यात महापालिका बोलते एमएलडीत आणि पाटबंधारे खातं टीएमसीत, म्हणून तिथल्या नागरिकांनी हा आकडा जवळ ठेवावा. एखादं शहर रोज १,६०० एमएलडी उचलत असेल तर वर्षाला १,६०० ÷ ७७.६ म्हणजे २०.६ टीएमसी झाले. खडकवासला, पानशेत, वरसगाव आणि टेमघर या चारही धरणांची मिळून क्षमता २९.१५ टीएमसी आहे. त्याच पाण्यावर दौंड-इंदापूरचा कालवाही अवलंबून आहे. हे तीन आकडे शेजारी ठेवले की दर उन्हाळ्यात शहर आणि शेती यांत ताण का येतो, ते वेगळं सांगावं लागत नाही.

माणशी हिशोब: शहरात दरडोई रोज १३५ लिटर हे नियोजनाचं प्रमाण आहे, जलजीवन मिशनमध्ये गावासाठी ५५ लिटर. एक टीएमसी पाणी १३५ लिटरने पावणेसहा लाख लोकांना वर्षभर पुरतं, ५५ लिटरने १४ लाखांना. यात गळती धरलेली नाही. गळती तीस टक्के असेल तर लोकसंख्याही तेवढीच कमी करा.

सातवी पायरी: शेत, चारी आणि शेततळं

फूट-एकराची जुनी पद्धत शेतावर आजही फार कामाची आहे, आणि त्यात एक सोय आहे. एक क्युसेक पाणी तासभर चाललं की ३,६०० घनफूट होतं. एका एकरावर एक इंच पाणी उभं करायला ३,६३० घनफूट लागतं. म्हणजे जवळजवळ तेवढंच. एक क्युसेक, एक तास, एक एकर, एक इंच. बारा तास चाललं की एक एकर-फूट, दिवसभर चाललं की दोन.

चारीला दोन क्युसेक पाणी आहे, पाळी सहा तासांची आहे, तर बारा एकर-इंच मिळाले. पिकाला तीन इंच द्यायचं असेल तर चार एकर भिजायला हवं. तीनच भिजत असेल तर पाणी चारीत मुरतंय, वर कोणी घेतंय किंवा मोजमाप चुकतंय. पाणी वापर संस्थेच्या बैठकीत 'आम्हाला पाणी कमी मिळतं' एवढंच म्हणण्यापेक्षा हे गणित मांडलं तर शाखा अभियंत्याला उत्तर द्यावं लागतं. फ्ल्यूमच्या, म्हणजे चारीत प्रवाह मोजायला बांधलेल्या भागाच्या, पट्टीवरची उंची आवर्तन सुरू असताना सकाळ-संध्याकाळ लिहून ठेवायची आणि तिथल्या तक्त्यावरून क्युसेक काढायचे. संस्थांना पाणी घनमापन पद्धतीने द्यायचं, असं २००५ चा सिंचन व्यवस्थापनाचा कायदाच सांगतो. मोजून मागणं हा सदस्यांचा हक्क आहे.

मेट्रिकमध्ये: एक हेक्टर-मीटर म्हणजे १०,००० घनमीटर, एक कोटी लिटर. शंभर हेक्टर-मीटर म्हणजे एक दलघमी. गावपातळीवर जलयुक्त शिवारच्या कागदांत 'टीसीएम' किंवा सघमी दिसतं, ते सहस्र घनमीटर, दहा लाख लिटर. टीसीएम आणि टीएमसी ही अक्षरं पुढे-मागे झाली की आकडा २८ हजार पटींनी बदलतो. गावच्या बंधाऱ्याची क्षमता 'चार टीएमसी' असं ऐकलं तर ते चार टीसीएम असणार, यात शंका नको.

शेततळ्याचं माप घेताना लांबी × रुंदी × खोली करून मोकळं होऊ नका, कारण बाजू उतरत्या असतात. वर ३० × ३० मीटर, खोली ३ मीटर आणि उतार एकास एक असेल तर तळ २४ × २४ राहतो. सरळ गुणाकार २,७०० घनमीटर दाखवतो. खरं पाणी असं काढायचं: वरचं क्षेत्र ९००, मध्यावरचं २७ × २७ म्हणजे ७२९, तळाचं ५७६. मधल्याची चौपट करून तिन्ही मिळवा, ४,३९२ येतात. खोलीने गुणा आणि सहाने भागा. २,१९६ घनमीटर, जवळपास २२ लाख लिटर. अस्तराचा खर्च आणि उन्हाळ्यातली बाग याच आकड्यावर ठरवायची असते, त्यामुळे हा पाचशे घनमीटरचा फरक महागात पडू शकतो.

हे पाणी किती, याचा अंदाज यावा म्हणून: एक क्युसेक प्रवाह दिवसभरात २,४४७ घनमीटर, साडेचोवीस लाख लिटर देतो. म्हणजे असं शेततळं एका क्युसेकने साडेएकवीस तासांत भरतं. २०१६ च्या दुष्काळात मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी गेलं. पहिल्या फेरीत दहा वाघिणी, पाच लाख लिटर. पुढे पन्नास वाघिणींची गाडी सुरू झाली, तिच्यातून २५ लाख लिटर जाई. सगळ्या देशाने पाहिलेली ती अख्खी गाडी म्हणजे चारीतल्या एका क्युसेकचं एका दिवसाचं पाणी. कालव्याच्या गळतीत एक क्युसेक वाया जातं तेव्हा नेमकं काय वाया जातं, हे मला याहून चांगलं सांगता येणार नाही.

पिकांचा हिशोबही याच मापात करता येतो. ज्वारीला साडेसात सेंटिमीटरच्या चार पाळ्या धरल्या तर हेक्टरी ३,००० घनमीटर. उसाला वर्षभरात दोन मीटर थर धरला तर २०,०००. शेतावर पोचलेल्या एका टीएमसीत ज्वारी ९,४०० हेक्टर होते, ऊस १,४००. वाटेत निम्मं पाणी जात असेल तर दोन्ही आकडे निम्मे करा.

आठवी पायरी: पाऊस आणि बाष्पीभवन

एक चौरस किलोमीटरवर एक मिलिमीटर पाऊस म्हणजे १,००० घनमीटर. एक हेक्टरवर एक मिलिमीटर म्हणजे दहा हजार लिटर, एक टँकर.

कोयनेचं पाणलोट क्षेत्र सुमारे ८९२ चौरस किलोमीटर. कोयनानगर, नवजा आणि महाबळेश्वर इथल्या पावसाची सरासरी १०० मिलिमीटर आली तर ८९.२ दलघमी पाणी पडलं, ३.१५ टीएमसी. जुलैत जमीन ओली असताना त्यातलं ऐंशी टक्के वाहून येतं असं धरलं तर अडीच टीएमसी. जूनच्या पहिल्या आठवड्यात त्याच पावसाने साठा फारसा हलत नाही, कारण आधी माती पिते. त्यामुळे वाहून येण्याचं प्रमाण महिन्यागणिक बदलून घ्या.

बाष्पीभवनाला हेच सूत्र. भरलेल्या जायकवाडीचा पसारा सुमारे ३५० चौरस किलोमीटर. दिवसाला ५ मिलिमीटर उडालं तर १.७५ दलघमी, १७५ कोटी लिटर. धरण उथळ आणि पसरट असल्याने हा आकडा एवढा येतो. मे महिन्यात पाण्याचा पसारा आटलेला असतो पण ऊन वाढलेलं असतं, म्हणून हिशोब करताना त्या दिवसाच्या पातळीचं क्षेत्र घ्या, पूर्ण भरलेल्या धरणाचं घेऊ नका.

नववी पायरी: लवादांचे आकडे

नदीवाटपाच्या निवाड्यांत मापं पुन्हा बदलतात. कृष्णेचं वाटप बच्छावत लवादाने टीएमसीत केलं: २,०६० पैकी महाराष्ट्र ५६०, कर्नाटक ७००, आंध्र ८००. म्हादईचंही टीएमसीतच, २०१८ च्या निवाड्यात गोवा २४, कर्नाटक १३.४२ आणि महाराष्ट्र १.३३. नर्मदा लवादाने मात्र १९७९ मध्ये दशलक्ष एकर-फूट हे माप वापरलं. २८ पैकी मध्य प्रदेश १८.२५, गुजरात ९, राजस्थान ०.५ आणि महाराष्ट्र ०.२५.

पाव आकडा बघून तो नगण्य वाटतो. एका एकरात ४३,५६० चौरस फूट, म्हणून १ दशलक्ष एकर-फूट म्हणजे ४३.५६ टीएमसी. त्याचा पाव १०.८९ टीएमसी, ३०८ दलघमी. नंदुरबारच्या वाट्याची चर्चा होते तेव्हा ऐकू येणारे '१०.८९' ते हेच, आणि ते जवळजवळ एका भंडारदऱ्याएवढे आहेत. केंद्रीय जल आयोगाच्या साप्ताहिक पत्रकात अब्ज घनमीटर असतात. एक अब्ज घनमीटर म्हणजे हजार दलघमी, ३५.३ टीएमसी. कृष्णेतले आपले ५६० टीएमसी त्या मापात १५.८६ होतात.

शेवटची पायरी: किती दशांश ठेवायचे

धरणातलं पाणी कोणी मोजून भरत नाही. भिंतीजवळच्या पट्टीवर पातळी वाचतात आणि क्षमता तक्त्यात त्या पातळीसमोरचा साठा बघतात. तक्ता जुना असेल आणि मध्यंतरी गाळ साचला असेल, तर कागदावरचं पाणी खऱ्या पाण्यापेक्षा जास्त असतं. नाशिकची महाराष्ट्र अभियांत्रिकी संशोधन संस्था, म्हणजे 'मेरी', उपग्रहाच्या चित्रांवरूनही गाळाची पाहणी करते. आपल्या धरणाची शेवटची पाहणी कोणत्या वर्षी झाली आणि चालू तक्ता त्यानंतरचा आहे का, हे माहिती अधिकारात विचारता येतं. विसर्गही दरवाजा किती उघडला आणि पाणी किती उंच आहे, यावरून काढलेला असतो.

तेव्हा रूपांतर करताना पूर्ण २८.३१७ वापरा, पण उत्तर मोठ्या धरणासाठी एका दशांशापर्यंत आणि विसर्गासाठी शंभर क्युसेकपर्यंतच ठेवा. दलघमीतला आकडा पूर्णांकात मिळाला असेल तर टीएमसीत चार दशांश लिहिण्यात अर्थ नाही. वाटपाचे आणि आदेशांतले आकडे, जसे ८.६०३ किंवा १०.८९, हे मात्र जसेच्या तसे ठेवावेत, कारण ते मोजलेले नसून ठरवलेले असतात. तक्रार-अर्ज लिहिताना मूळ माप आधी, रूपांतर पुढे, आणि टक्के दिले असतील तर ते एकूण साठ्याचे की उपयुक्त साठ्याचे हे त्याच ओळीत लिहा.